सॉरीकाकांचं 'येतो'

सॉरीकाका खुर्चीलाही सॉरी म्हणायचे. दाराला, कचऱ्याच्या डब्याला, पार्किंगमधल्या खांबालासुद्धा. आधी धडकायचे, मग मागे सरून अगदी मनापासून माफी मागायचे आणि मागे सरताना आणखी कशाला तरी धडकायचे. हे नाव माझ्या लेकीनं, सईनं ठेवलं. खरं नाव अमेरिकेतल्या आमच्या सनीव्हेलच्या बिल्डिंगमध्ये फक्त त्यांच्या मेलबॉक्सवर होतं.

माणूस मूळचा नागपूरचा, एकटा राहणारा, चिप डिझाइनमध्ये फार हुशार म्हणे. पण बोलायची वेळ आली की कान लाल. लिफ्टमध्ये मी असले तर त्यांचा मजला आला तरी मला ओलांडून जायचं कसं म्हणून तसेच उभे राहायचे, माझ्या मजल्यावर उतरायचे आणि जिन्यानं खाली जायचे. मला अशा माणसांचा राग येतो, खरं सांगते. एवढं 'एक्सक्यूज मी' म्हणायला काय जातं?

बाबा गेले आणि मी आईला पुण्याहून इथे घेऊन आले. ती खिडकीपाशी खुर्चीत बसायची ती बसूनच. जेवण म्हणजे दोन घास, तेही सईनं हट्ट केला तर. काही विचारलं की एकच उत्तर, "मला माझ्या घरी सोड." त्या घराला कुलूप होतं. तिथे एकटी राहिली तर बाबांच्या मागोमाग तीही जाईल, या धास्तीनं मला काही सुचत नव्हतं. नवऱ्याजवळसुद्धा मी हे बोलले नव्हते.

ओळखीची मराठी माणसं आईला भेटून जात होती. एका शनिवारी सॉरीकाकाही आले. अशा वेळी काही घेऊन जायचं नसतं, हे त्यांना माहीत होतं, पण रिकाम्या हातांचं करायचं काय ते माहीत नव्हतं. सोफ्याच्या कडेवर टेकून आईच्या पायांकडे बघत बसले. मग उठले आणि सवयीनं म्हणाले, "येतो काकू."

आता दुःखाच्या घरातून निघताना 'येतो' म्हणत नाहीत. मुकाट उठायचं आणि चालू लागायचं, हे आपल्याकडे पोरासोरांनाही ठाऊक असतं. तोंडातून शब्द गेला आणि त्यांच्याही ते लक्षात आलं. सॉरी सॉरी करत मागे सरले ते थेट बुटांच्या रॅकवर. सगळे चपलाबूट खाली. ते सगळं गोळा करून, सईचा एक बूट चुकून हातात घेऊनच बाहेर पडले. मी दार लावते न लावते तोच बेल वाजली. दारात तेच. बूट माझ्या हातात दिला आणि आत आईकडे बघून म्हणाले, "काकू, मघाशी मी 'येतो' म्हणालो. म्हणायचं नसतं. चुकलंच माझं." मग सुटल्यासारखे वळले. "बरं, येतो."

मी कपाळावर हात मारला. मागून हुंदक्यासारखा आवाज आला. वळून बघते तर आई तोंडाला पदर लावून हसत होती. बाबा गेल्यापासून पहिल्यांदा.

"अगं, बोलव त्याला आत," ती म्हणाली. "चहा टाक. जिन्यात पडेल तो."

चहा पिताना सईनं विचारलं, "काका, व्हाय डू यू ऑल्वेज फॉल?" मी डोळे वटारले, पण काकांनी प्रश्न मनावर घेतला. कंपनीनं त्यांना पूर्वी स्वीडनला पाठवलं होतं. तिथल्या टीव्हीवर एक विनोदी मालिका लागायची. तिचा नायक लाजाळू आणि वेंधळा, खांद्यावर शिडी घेऊन वळला की मागचं सगळं आडवं.

"मला भाषा कळत नव्हती काकू," ते म्हणाले. "कोणाशी बोलायची हिंमत नव्हती. पण तो पडला की दुसऱ्या दिवशी सगळं ऑफिस त्याची नक्कल करायचं, अगदी प्रेमानं. मला वाटलं, चला, आपल्यासारख्याचेही लाड होतात कुठेतरी."

"मग आण की ती मालिका," आई म्हणाली.

पुढच्या शनिवारपासून काका लॅपटॉप घेऊन येऊ लागले. टीव्हीला वायर जोडताना पहिल्याच दिवशी फुलदाणी गेली. आईला भाषेची अडचण कधी आलीच नाही. "अरे मेल्या, मागे बघ," असं ती त्या स्वीडिश माणसाला मराठीत ओरडून सांगायची. "आता हा केकवर बसणार." आणि तो बसायचा. शनिवारी ती साडी बदलून तयार व्हायला लागली, शिरा करायला लागली. काकांची वाटी मात्र स्टीलची. एकट्या माणसाला सोबत हवी, म्हणून त्यांच्याबरोबर तीही खायची. एकदा हसता हसता म्हणाली, "हे असते तर पोट धरून हसले असते." बाबांचं नाव काढून ती रडली नाही, असं तेव्हा पहिल्यांदाच झालं. मी ओट्याशी जाऊन उगाच नळ सोडला.

मग काकांना दूर दुसऱ्या राज्यात, बेलव्ह्यूला नोकरी लागली. सामान गाडीत भरून निरोप घ्यायला आले. आईला वाकून नमस्कार करताना तिच्या गुडघ्यावर कपाळ आपटलं, त्याबद्दल गुडघ्याला सॉरी म्हणून झालं. दारापर्यंत गेले आणि नुसती मान हलवली. त्या पहिल्या दिवसाची अशी धास्ती घेतली होती की त्यानंतर ते आमच्याकडून निघताना कधी 'येतो' म्हणालेच नव्हते.

आई खुर्चीतून उठून दाराशी गेली.

"येतो म्हण," ती म्हणाली.

"काकू, पण ते..."

"म्हण रे. माझ्या घरात आता चालतं."

"येतो काकू," म्हणत ते मागे सरले आणि रॅक पडला. बूट गोळा करायला मी खाली बसले, आणि बराच वेळ उठलेच नाही. माझ्या घरात, म्हणाली होती ती.