सुमनला सांगितलेला शेवट

भाच्यांनो, मी मिलमधल्या नोकरीसाठी सुरतेला आलो, असं तुम्हाला आजवर सांगत आलो. ते अर्धंच खरं. उरलेलं सांगायचं टाळत राहिलो. सुमनचं, म्हणजे तुमच्या आईचं, लग्न झालं आणि आठवड्यातच मी शहाद्याहून सुरतेची एसटी धरली. आई गाडीपाशी म्हणाली, "बहीण गयी, आते तू बी चालना?" मी तिच्याकडे पाहिलं नाही.

तेव्हा आमच्याकडच्या मुली तंबूतल्या टॉकीजला जात नसत. मी सिनेमा पाहून यायचो आणि ओट्यावर बसून सुमनला, शेजारणींना अहिराणीत सांगायचो, गाण्यांसकट. त्या वर्षी एका नव्या हिरोचा पहिलाच सिनेमा आला. गावातल्या निम्म्या पोरांनी कपाळावर त्याच्यासारखी झुलपं सोडली. श्रीमंताची मुलगी, गाणारा गरीब मुलगा. शेवटी बाप नमतो आणि स्वतः मुलीचा हात त्याच्या हातात देतो. तंबूत शिट्ट्या थांबेनात.

सुमनला कापसाच्या जिनात काम करणारा एक मुलगा आवडत होता. परजातीचा. वडील मला म्हणाले, "तुन्हं ऐकस ती. तूच समजाड." मला समजावणं जमेना. मी सिनेमा सांगितला, शेवट बदलून: हिरो शहरात जातो, दुसरी करतो.

"मंग तो माघारे येसच नही?" सुमनने विचारलं.

"नही."

"जळो त्यानं तोंड!" शेजारची काकू म्हणाली. "आन आमना पोरे त्यानासारखा केस ठेवतस!"

सगळ्या हसल्या. सुमन हसली नाही. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरपण झाल्यावर तिने अक्कलकुव्याच्या स्थळाला होकार दिला. तुमचे वडील भले माणूस होते, पण तिने निवडलेले नव्हते.

तो सिनेमा काही मरेना. सुरतेत पुन्हा पुन्हा लागायचा. गर्दी तीच, शिट्ट्या त्याच. मी त्या रस्त्याने जाणं टाळायचो. पुढे एकदा तुमच्याकडे आलो असताना तो दुपारी टीव्हीवर लागला. सुमन शेंगा सोलत बघत होती. बापाने मुलीचा हात पुढे केला आणि तिच्या हातातली शेंग तशीच राहिली. मग ती हसून म्हणाली, "दादा, तू तवय तंबूमा जपी गयथा का?"

झोप लागल्याचं निमित्त तिनेच पुढे केलं. मी ते घेतलं. "हा, जपी गयथू."

त्यानंतरही ती तुम्हाला सांगत राहिली, मामा सिनेमा हुबेहूब सांगायचा म्हणून.

इथे माझी नातवंडं गुजरातीत बोलतात. तुमचं घर कुठलं, असं त्यांनी विचारलं की मला तो ओटा आठवतो. तिथे माझ्या शब्दावर कुणी शंका घेत नसे. आता सुमन नाही. त्या दुपारी एवढंच म्हणायचं होतं: सुमन, मी जागाच व्हतू. माले माफ कर.