गवताच्या बागेतली भामाबाई

जामखेडच्या राधाकृष्ण वकिलांनी शहाण्णव साली बंगल्यामागच्या अर्ध्या एकरात गवताची बाग केली. गुलाब नाही, मोगरा नाही. पवन्या आणि कुसळीचे कमरेएवढे ठोंब, मधून नागमोडी वाट. "हिवाळ्यात वाळलेले तुरे बघा कसे दिसतात, कापायचं नाही," असं वकील येईल त्याला सांगत. गुरांसाठी काडी काडी जपणाऱ्या गावात हा शौक! आम्ही पोट धरून हसलो. भामाबाईला मात्र हसू आलं नाही, कारण ती बाग राखायचं काम तिच्याकडे होतं.

काम म्हटलं तर सोपं. ठोंबात हात घालून वाळकी पाती विंचरून काढायची. पण तिचा नवरा कचरू गवत कापतानाच घोणस चावून गेला होता. हात घालण्याआधी ती काठीने ठोंब बडवून घेई, तरी तिला दरदरून घाम फुटे. दुसरं काम मिळत नव्हतं.

आमच्याकडे सापाचं नाव घेत नाहीत. घेतलं की तो येतो म्हणे. भामाबाई बौद्ध, अंगारेधुपारे कधीच घराबाहेर घालवलेले. पण एवढ्या बाबतीत तिचा धीर होत नसे. म्हणून लेकीला, दीपाला, तिने बाप तापाने गेला असंच सांगितलं होतं. बागेत जाऊ नको म्हणे, पण का ते सांगत नसे.

एका रविवारी फाटकाशी खेळणारी दीपा दिसेना. भामाबाई हाका मारत धावली, काठी घ्यायचंही भान राहिलं नाही. तेवढ्यात पवन्याच्या तुऱ्यांची पेंढी छातीशी धरून पोर गवतातून हसत बाहेर आली.

"आई, आत एक जाडजूड हाय. अंगावर साखळीवानी ठिपकं. वकिलांच्या कुकरवानी फुसफुस करत हुतं. म्या त्येला वलांडून आले!"

 भामाबाईने पोरीचे पाय चाचपून पाहिले, पुन्हा पाहिले, मग एक थोबाडीत दिली आणि तिथेच मटकन बसली.

"घोणस हाय ती. तुजा बाप तापानं न्हाई गेला, दीपे. तीच चावली त्येला."

दीपाने तुरे टाकले. 

"मग तू रोज आत कशाला जातीस?"

 दुसऱ्या दिवसापासून शाळा सुटली की पोर फाटकाबाहेर उभी राही आणि सारखी हाक मारी, "आई!" आतून ओ आली की पुन्हा हाक. ओ यायला जरा उशीर झाला, की ती तिथेच रडायला लागे.