न उघडणारं शेत

हरिचंद्र भोईरांचं शेत आता कॉम्प्युटरमध्ये होतं, आणि गेले दोन रविवार ते उघडत नव्हतं.

खरं शेत होतं ते अंबरनाथ पूर्वेला. चार खाचरं आणि बांधावर एक रायवळ आंबा. तिथे आता दोन इमारती उभ्या आहेत आणि त्यांतल्या एकीत, दुसऱ्या मजल्यावर, हरिचंद्र एकटे राहतात. बाल्कनीतून खाली गाड्या लावलेल्या दिसतात, तिथे वरचं खाचर होतं. पूर्वी येणाऱ्याजाणाऱ्याला ते हात लांब करून दाखवायचे. आता येणारं जाणारं फारसं कोणी नाही. अंजनीबाई गेल्या त्याला तीन वर्षं झाली, आणि एकुलता एक विनीत मेलबर्नला.

विनीतचा फोन यायचा. "जेवलात का?" "जेवलो. थंडी आहे का तिकडे?" "आहे थोडी." मग दोघंही दुसऱ्याने फोन ठेवायची वाट बघत. भांडण वगैरे काही नव्हतं. मुलाच्या लहानपणी हरिचंद्र शहाडच्या कारखान्यात पाळ्या करत होते. ते घरी येत तेव्हा मुलगा शाळेत, नाहीतर झोपलेला. बोलायची सवय दोघांना लागलीच नाही. मधे अंजनी होती, ती इकडचं तिकडे पोचवायची.

मागच्या खेपेला घरी आला तेव्हा विनीतने आपल्या जुन्या कॉम्प्युटरवर एक शेतीचा खेळ घालून दिला. इंटरनेटवरून दोघांनी एकाच रानात उतरायचं, बापाचा लाल ट्रॅक्टर, लेकाचा हिरवा. "ही कसली शेती? पायाला चिखल नाही," असं हरिचंद्र म्हणाले खरे, पण दर रविवारी दुपारी बाराच्या ठोक्याला कानाला हेडफोन लावून बसू लागले.

"बाबा, नांगर खाली घ्या. नुसतेच फिरताय."

"अरे, कड मारतोय. आधी कडेनं घ्यायचं असतं. तुला कोणी शिकवलंच नाही."

"कोण शिकवणार? तुम्ही पहिल्या पाळीला."

असं बोलता बोलता विनीत मग घरमालकाचं सांगे, ऑफिसातल्या कटकटी सांगे. एकदा त्याने विचारलं, आई शेवटी काय म्हणाली होती, आणि हरिचंद्रांनी गव्हाच्या तासावरून नजर न काढता सगळं सांगितलं. फोनवर हे त्यांना कधीच जमलं नसतं.

एकच गोष्ट त्यांना टोचायची. विनीत कधी वेळेवर येत नसे. हरिचंद्र रानात उतरून ट्रॅक्टर चालू करून बसत, आणि हिरवा ट्रॅक्टर पंधरा मिनिटांनी उगवे. दर रविवारी. त्यांनी बोलून दाखवलं नाही. आपल्याला काय, दुसरं काम नाही. त्याला असतील दहा, असं स्वतःला समजावून ते गप्प बसत.

आणि मग खेळ उघडेनासा झाला. चित्रावर दोनदा टिचकी मारली की निळं चक्र फिरे, काळी चौकट लुकलुके, आणि सर्व्हरशी संपर्क होत नाही असं इंग्रजीत सांगून सगळं मिटून जाई. याच्या आदल्याच दिवशी कॉम्प्युटरच्या आतला बटणाएवढा सेल त्यांनी स्वतःच्या हाताने बदलला होता. जुना सेल मेल्यामुळे कॉम्प्युटर रोज सकाळी भलत्याच सालात जागा व्हायचा. हरिचंद्र कारखान्यात फिटर होते, स्क्रू उघडायला त्यांना कोणाची गरज नव्हती. नवा सेल घालून त्यांनी तारीख, महिना, साल, वेळ सगळं नीट भरलं. वेळ हाताने भरायची तर आधी ती आपोआप घेणं बंद करावं लागतं, तेही त्यांनी शोधून काढलं.

आता त्यांना वाटू लागलं, आपल्याच हातून आत काहीतरी तुटलं.

विनीतने जे जे कळवलं ते त्यांनी केलं. खेळ काढून टाकला आणि पुन्हा घातला. त्यात अख्खा दिवस गेला. अँटीव्हायरस बंद केला. राउटर काढला, लावला. एकदा उदबत्तीही लावून पाहिली, पण ते विनीतला कळवलं नाही.

"नाही चालत तर राहू द्या ना बाबा," विनीत म्हणाला. "फोन आहेच की."

हरिचंद्रांनी फोन ठेवला. फोनवर काय असतं ते त्यांना ठाऊक होतं. थंडी आहे का. आहे थोडी.

शनिवारी त्यांनी कॉम्प्युटरचा डबा अंजनीच्या जुन्या लुगड्यात गुंडाळला आणि शेअर रिक्षाने उल्हासनगर कॅम्प तीन गाठला. रिक्षात शेजारी जीन्सचे गठ्ठे घेऊन बसलेली बाई मांडीवरच्या गाठोड्याकडे बघत होती.

"नातवाचा कॉम्प्युटर काय, काका?"

"माझा."

"काय करता त्याच्यावर?"

"शेती."

बाई रिक्षावाल्याकडे बघून हसली. हरिचंद्रांनी गाठोडं आणखी जवळ घेतलं.

दुकानदार हरेश सिंधी, हसतमुख माणूस. त्याने डबा जोडला, इकडेतिकडे चार बटणं दाबली, आणि समोर गव्हाचं रान उभं राहिलं. कडेला लाल ट्रॅक्टर होता तिथेच होता.

"साईं, ये तो मक्खन चल रहा है! तुमचं घरचं नेट बघा. मशीनला काय झालं नाय."

त्याने पैसेही घेतले नाहीत. हरिचंद्रांना हरखून जावंसं वाटलं आणि लाजही वाटली.

घरी येऊन त्यांनी सगळ्या वायरी जोडल्या. पडद्याच्या कोपऱ्यातलं घड्याळ मागे दिसत होतं. हरेशने उघडाउघड करताना सेल हलवला असणार, असं म्हणत त्यांनी हॉलमधल्या घड्याळाकडे बघून वेळ आधी नीट लावून घेतली. मग हात पुसून चित्रावर टिचकी मारली. चक्र फिरलं. काळी चौकट लुकलुकली. सगळं मिटलं.

रविवारी विनीतचा फोन आला तेव्हा ते पडद्यासमोरच बसले होते.

"झालं का चालू?"

"नाही रे. दुकानात चालतं, घरात चालत नाही. घरालाच काहीतरी झालंय." "जाऊ दे. सव्वाबारा झाले. तू तुझं काम कर."

"सव्वाबारा कुठले? तुमच्याकडे आत्ता बारा वाजतायत."

"मी कॉम्प्युटरवर बघून सांगतोय."

"बाबा, कॉम्प्युटरची वेळ तुम्ही कशावरून लावलीत?"

"भिंतीवरच्या घड्याळावरून. दुसरं कशावरून लावणार?"

विनीत हसायला लागला, आणि हसता हसता थांबला. "आईचं घड्याळ," तो म्हणाला.

शहाडची पहिली पाळी चुकू नये म्हणून अंजनीने घरातलं घड्याळ पंधरा मिनिटं पुढे ठेवलं होतं. हरिचंद्र निवृत्त झाले, ती गेली, घड्याळाचे सेल बदलले गेले, पण दर वेळी काटे तिथेच आणून ठेवायची हाताची सवय राहिली. घरात वेळ म्हणजे तीच.

"वेळ जुळली नाही की सर्व्हर आत घेत नाही," विनीतने समजावलं. "दुकानदाराने बरोबर केली असेल, तुम्ही घरी येऊन पुन्हा पुढे केलीत." मग म्हणाला, "अजून पुढेच ठेवता? आता कुठे पोचायचंय, बाबा?"

हरिचंद्रांनी भिंतीकडे पाहिलं.

"म्हणजे दर रविवारी तू..." ते बोलू लागले.

"मी काय?"

"बाराला येत होतास."

"मग? बाराच ठरलेत ना आपले?"

"हो. बाराच." त्यांनी चष्मा काढून पुसला.

कॉम्प्युटरची वेळ मागे घेतल्यावर रान उघडलं. विनीतच्या हातात त्या दिवशी थोडाच वेळ होता. एक कड नांगरून झाली आणि हिरवा ट्रॅक्टर दिसेनासा झाला. "पुढच्या रविवारी उरलेलं," एवढं बोलून तो गेला.

संध्याकाळी हरिचंद्र स्टुलावर चढले. घड्याळ भिंतीवरून काढलं, काटे फिरवायची मागची चकती दोन बोटांत धरली, आणि बराच वेळ तशीच धरून ठेवली. मग काचेवरची धूळ सदऱ्याने पुसून घड्याळ होतं तसं खिळ्यावर अडकवलं.

पुढच्या रविवारी भिंतीवर बारा वाजले, कॉम्प्युटरवर पावणेबारा, तेव्हा ते रानात उतरले. दुसरं कोणी नव्हतं. त्यांनी ट्रॅक्टर चालू केला, नांगर वरच ठेवला, आणि बांधाच्या कडेकडेने एकटेच सावकाश एक फेरी घालून आले.