मिठाच्या जागी

सासऱ्यांना इस्पितळातून घरी आणलं तेव्हा डॉक्टरांनी दोन गोष्टी बजावल्या. दिवसभराच्या सगळ्या जेवणात मिळून अर्धा चमचा मीठ, त्याहून जास्त नाही. आणि रोज सकाळी वजन. दोन दिवसांत किलोभर वाढलं तर तब्येत सुधारली असं समजू नका, ते साठलेलं पाणी असेल, लगेच फोन करा. हृदय अशक्त झालं होतं. पुन्हा दाखल करायची वेळ आली तर या खेपेइतकं सोपं जाणार नाही, हेही त्यांनी सासूबाईंना बाहेर पाठवून मला सांगितलं.

मी तेव्हा तळोज्याच्या एका कारखान्यात प्रयोगशाळेत कामाला होते. मोजणं, तोलणं आणि लिहून ठेवणं एवढंच माझं काम. नवरा नोकरीसाठी पुण्याला होता, शनिवारी पनवेलला यायचा. त्यामुळे हे खातं माझ्याकडे आलं. मी वजनकाटा आणला, स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर रोजचा आकडा लिहायला सुरुवात केली, आणि सगळ्या घराचा स्वयंपाक अळणी करून टाकला. सासऱ्यांचं अर्धा चमचा मीठ सकाळी वाटीत काढून ठेवायचं, ते त्यांच्या वरणात आणि भाजीत घालायचं. सासूबाई आणि मी आमच्या पानात वरून मीठ घेणार. हिशेब सरळ होता.

फक्त सासरे जेवेनात.

ते ड्राफ्ट्समन होते. आयुष्यभर दुसऱ्यांच्या इमारतींचे नकाशे काढले, बोलणं बेताचं. तक्रार केली नाही. अर्धी पोळी खायचे आणि ताट सरकवायचे. आठवड्याने गालफडं दिसायला लागली. अशक्त माणसाने उपाशी राहायचं म्हणजे एका बाजूने वाचवलेला दुसऱ्या बाजूने गमवायचा.

मिठाविना चव कशी आणायची हा प्रश्न मी तळ्याजवळच्या बाजारात भाजीवालीला विचारला. ती चिरनेरच्या बाजूची, शनिवारी टोपली घेऊन यायची. डिसेंबर होता, तिच्यापुढे लाल गाजरांचा ढीग होता. बाजूला पाच-सहा ईडलिंबं, खडबडीत सालीची, मुठीएवढी, घरच्या झाडाची.

"आंबट दे त्याला," ती म्हणाली. "आमी तापातल्या माणसाला तेच देतो. आंबट असला का मीठ आठवत नाय. गाजरा गोड हायेत, त्यात पिळ."

मी दोन्ही घेतलं, शेजारच्या गाडीवरून संत्रीही घेतली. आमच्याकडे गाजराची कोशिंबीर व्हायची, पण कच्चा कीस सासऱ्यांना चावेना, म्हणून शिजवायचं ठरवलं. पहिल्या दिवशी घाई केली. गाजरं, संत्र्याच्या फोडी आणि ईडलिंबाचा रस असं सगळं एकदम कढईत घालून उकळलं. बिया आणि पांढरी साल आत राहिली. सासऱ्यांनी एक फोड तोंडात घातली, सावकाश चावली आणि विचारलं, "सकाळच्या गोळ्या यातच घातल्यास का?"

दुसऱ्या खेपेला नीट केलं. गाजरं सोलून तिरके काप करायचे, फार पातळ नाहीत. चमचाभर तुपात जिरं, किसलेलं आलं, मग काप. दोन मिनिटं परतून अर्धी वाटी गाळलेला संत्र्याचा रस घालायचा आणि झाकण ठेवायचं. काप मऊ झाले की झाकण काढून आच वाढवायची, म्हणजे रस आटून गाजरांना चकाकी येते. मिरपूड घालायची. गॅस बंद केल्यावरच ईडलिंबू पिळायचं, आधी नाही. बस. पंधरा मिनिटांचं काम आहे आणि यात बिघडण्यासारखं काही नाही, माझ्यासारखी घाई केली नाही तर.

सासूबाईंना ते कुठे वाढावं हे कळेना. शिजवलंय म्हणजे भाजी, मग उजवीकडे. लिंबू पिळलंय म्हणजे कोशिंबीर, मग डावीकडे. ताट मी वाढत होते, त्या गाजरांची पळी धरून उभ्या राहिल्या. सासरे म्हणाले, "हद्दीवर ठेव. नकाशा मी मंजूर करतो." त्या दिवशी ते दोन पोळ्या जेवले. सासूबाई मोरीशी जाऊन बराच वेळ भांडी विसळत राहिल्या.

मग रोज गाजरं. संत्र्याचं मी डॉक्टरांना विचारून घेतलं होतं, त्यांची हरकत नव्हती. माणूस जेवायला लागला, आवाजात जोर आला, खालच्या बागेत दोन फेऱ्या व्हायला लागल्या. तिसऱ्या आठवड्यात वजनाचा आकडा चढू लागला. आधी मी खूश झाले. मग त्यांच्या पायावर बोट दाबून पाहिलं, तर खळगा तसाच राहिला.

डॉक्टरांनी पाणी काढणारी गोळी वाढवली आणि चार दिवस दिले. उतरलं नाही तर दाखल. मी घरातली प्रत्येक वस्तू तपासली. पाव बंद केला, बिस्किटं बंद केली. खालच्या बाकावरचे त्यांचे सोबती फरसाणाची पुडी फिरवतात असा संशय आला, तेव्हा तिथे जाऊन त्या दोघा म्हाताऱ्यांना ऐकवूनही आले. त्यातल्या एकाने मला खिसा उलटा करून दाखवला. बडीशेप निघाली.

दोन दिवस झाले, वजन होतं तिथेच. तिसऱ्या दिवशी कारखान्यात वीज गेली आणि आम्हाला दुपारी सोडलं. मी घरी आले तेव्हा सासरे जेवायला बसत होते आणि सासूबाई ताट वाढत होत्या. आधी वर मधोमध तीन बोटांची चिमूट मीठ. मग लिंबाची फोड, गाजरं, भाजी, वरण. नेहमीच्या क्रमाने, न बघता, पन्नास वर्षं वाढलं तसं. सासऱ्यांनी गाजराचा काप उचलला, मिठाला टेकवला आणि खाल्ला.

मी चपलासुद्धा काढल्या नव्हत्या.

"आई, हे रोज चाललंय?"

त्यांनी नाकारलं नाही. पळी खाली ठेवली. म्हणाल्या, "वर मीठ न वाढलेलं पान कुणाचं असतं, माहीत आहे ना तुला?"

माहीत होतं. आमच्याकडे श्राद्धाच्या पानात मीठ वाढत नाहीत. बाकी कुठल्याही पानाची सुरुवात मिठाने. सणाचं असो, रोजचं असो, लहान मुलाचं असो. तेव्हा मला रात्रीची जेवणं आठवली. रात्री मी वाढायचे, सासऱ्यांच्या पानातली ती जागा रिकामी ठेवायचे, आणि सासूबाई नेमक्या तेव्हा पाणी आणायला उठायच्या. त्यांना ते ताट पाहवत नव्हतं. माझ्या ते लक्षात आलं नव्हतं, कारण मी ताटाकडे बघत नव्हते, चमच्याकडे बघत होते.

पण मी हे सगळं समजून घेऊन बोलले असं नाही. मी म्हटलं, "मग ते पान खरंच वाढायची वेळ आणणार आहात का?"

सासूबाई खुर्चीत बसल्या. सासऱ्यांनी ताट बाजूला केलं आणि माझ्याकडे पाहिलं. आवाज चढवला नाही. "तिला बोलू नकोस. मीठ आहे हे मला दिसत होतं. मी नाही खाल्लं तर ती पानाकडे बघत बसते. म्हणून थोडं लावून घेत होतो."

म्हणजे सासूबाई त्यांच्या काळजीने वाढत होत्या आणि ते सासूबाईंच्या काळजीने खात होते. मी तेवढं मीठ ताटातून चमच्यात घेतलं. उरलेलंच पाव चमच्याच्या वर भरलं. दिवसाचा निम्मा कोटा, स्वयंपाकातल्याशिवाय. त्यांना दाखवलं. सासूबाई म्हणाल्या, "एवढंसं तर वाढते." मग चमच्याकडे बघत राहिल्या.

दोघांना रागावून उपयोग नव्हता. रिकामी जागा त्या ठेवणार नव्हत्या, आणि खरं सांगायचं तर पन्नास वर्षांचा हात एका दिवसात थांबेल अशी अपेक्षा करणं हा माझाच मूर्खपणा होता. जागा भरायला हवी होती, मिठाने नाही एवढंच.

रसासाठी रोज दोन संत्री सोलत होते, साली कचऱ्यात जात होत्या. त्या संध्याकाळी मी साली घेतल्या, आतला पांढरा भाग सुरीने खरवडून टाकला, ईडलिंबाची वरची सालही किसून घेतली आणि तव्यावर मंद आचेवर कोरडी केली. भाजलेलं जिरं, मिरी आणि जरासा आमचूर घालून मिक्सरमधून काढली. सासूबाईंची मिठाची स्टीलची वाटी रिकामी केली, घासली, पुसली आणि ही पूड तिच्यात भरून त्यांच्यासमोर ठेवली.

त्यांनी वास घेतला. बोटावर घेऊन चाटली. "हे मीठ नाही."

"नाही."

"पांढरंही नाही."

"नाही. पण ताटात वर मधोमध बसेल."

त्यांनी वाटी हातात फिरवून पाहिली. मग ताटं मांडली आणि वाढायला घेतलं. सासऱ्यांच्या ताटात वर मधोमध तीन बोटांची चिमूट. मग माझ्या ताटात. मग स्वतःच्या. मी म्हटलं, आपल्याला मीठ चालतं की. त्या म्हणाल्या, "त्यांच्या एकट्याच्या पानात वेगळं कशाला?" सासऱ्यांनी काप त्या पुडीला टेकवला, खाल्ला आणि दुसरा घेतला.

चौथ्या दिवशी सकाळी काटा सातशे ग्रॅमने खाली होता. डॉक्टर म्हणाले, दाखल नको. त्या आठवडाभरात राहिलेलंही उतरलं. मी त्यांना पुडीबद्दल काही सांगितलं नाही. गोळी आपलं काम करत होती, आम्ही फक्त तिच्या वाटेतून बाजूला झालो होतो. फरसाणवाल्या म्हाताऱ्यांची मात्र मी खाली जाऊन माफी मागितली. त्यांनी बडीशेप दिली.

सासरे पुढे चार वर्षं जगले. हिवाळ्यात लाल गाजरं, एरवी नारिंगी, संत्री नसतील तेव्हा मोसंबी. कंटाळले की म्हणायचे, आता माझा रंग बदलेल, पण ताटात उरू द्यायचे नाहीत. गेले ते घरीच, दुपारच्या झोपेत.

वर्षश्राद्धाला सासूबाईंनी त्यांचं पान स्वतः वाढलं. त्या स्वयंपाकात गाजर चालत नाही, त्यामुळे ते नव्हतं. हात सवयीने पुडीच्या वाटीकडे गेला, चिमूट भरलीसुद्धा. मग ती त्यांनी परत वाटीत सोडली, वाटी बाजूला ठेवली, आणि पानाच्या त्या मोकळ्या जागेकडे सरळ बघितलं.

"आता रिकामं चालेल," त्या म्हणाल्या, आणि वरणाची वाटी पुढे घेतली.

दुसऱ्या दिवशी मी कामावर निघाले तेव्हा त्या ओट्याशी गाजरं सोलत होत्या. इतकी वर्षं ते मीच करत आले होते. रस किती घालायचा, त्यांनी विचारलं. अर्धी वाटी, मी सांगितलं, आणि लिंबू गॅस बंद केल्यावर. कारखान्याची बस कळंबोलीच्या वळणावर पाच मिनिटंच थांबायची, म्हणून निघाले.