फिर्यादी आणि आरोपी एकाच एसटीत

कोर्टात चाललेल्या केसवर कोणी हसत नाही. तारखा, साक्षी, उलटतपासणी... हसायला फुरसत कुठे? किस्से साचतात ते सुरू होण्याआधीच संपलेल्या केसेसचे! हिंगणघाटला ढोले सरांकडे मी नवी ज्युनियर होते, तेव्हा असे इतके साचले की वाटायचं, वकिलाला काळा कोट हसू दाबायलाच दिलाय. माझी थरथर लपवायलाही तो कामी यायचा. शिपायाने पुकारा केला की आरोपीच्या आधी मीच दचकायचे!

*

माझा पहिला युक्तिवाद कोंबडीचोरीतला. अशिलाविरुद्ध पुरावा काय, तर अंगणात सापडलेली पिसं. आणि त्याच्या घरभर स्वतःच्याच कोंबड्या! म्हणून आरोप ठेवण्याआधीच सोडून द्या, असा डिस्चार्जचा अर्ज.

जजसाहेबांनी मान वर केली. "हं, कोण आहे?"

मी ताडकन उठून, "प्रेझेंट सर!"

"हजेरी लावली. आता अर्जावर बोला."

अर्ज मंजूर झाला. अशील मात्र बाहेर येऊन रुसला. "खटलाच नाई? मंग बायकोले साक्ष पाठ करून देल्ली, त्याचं काय?"

बायकोने मला व्हरांड्यात उभी करून अख्खी साक्ष ऐकवली. शेवटी चोरीला गेलेल्या कोंबडीसाठी रडलीसुद्धा. कोंबडी शेजाऱ्याची होती!

*

मग आली अल्लीपूरची वंदना. नळावरच्या भांडणात शेजारच्या कांताबाईंना बादली मारली म्हणून तिच्यावर केस.

"मारली का?" सरांनी विचारलं.

"लागली," ती म्हणाली.

आता तिला गडचिरोलीच्या सरकारी दवाखान्यात नर्सची नोकरी लागली होती. केस मिटल्याशिवाय पोलीस पडताळणी पार पडणार नव्हती. खटला चालला असता तर वर्षं गेली असती, आणि नोकरी काय थांबते? एकच वाट होती. कांताबाईंनी कोर्टात येऊन तडजोड करायची. त्या तयारही होत्या. आणि तारखेला आल्याच नाहीत!

सरांनी मला अल्लीपूरला पिटाळलं. कांताबाई ओसरीवर तांदूळ निवडत होत्या.

"काऊन येऊ मी? नोकरीचा पेढा अख्ख्या गल्लीत वाटला, मले शेवटी देल्ला. तोही तुटका!"

शेजारच्या अंगणातून हे ऐकणाऱ्या वंदनाच्या आईने तोंडातून शब्द न काढता घरातून पेढ्यांचा पुडा आणून पुढे ठेवला. कांताबाईंनी त्यातला पहिला माझ्या हातावर ठेवला.

"खाय पोरी. थरथर कापून काऊन राह्यली?"

*

त्याच आठवड्यात बातमी आली की सरकार आंदोलनाच्या केसेस मागे घेणार. रास्ता रोकोवाले एक पुढारी धावतच ऑफिसात आले. मला वाटलं, आनंदाने!

"मॅडम, निवडणूक तोंडावर हाये. सगळ्याच मागं घेतल्या तं लोकायले काय सांगू? एखादी तरी राहू द्या ना!"

सर शांतपणे म्हणाले, "भाऊ, रस्ता तिथंच हाये. बसून जा."

*

पुढच्या तारखेला वंदना आणि कांताबाई एकाच एसटीतून उतरल्या. कांताबाईंना गाडी लागते म्हणून आरोपीने खिडकी दिलेली, आणि आरोपीचा डबा फिर्यादीच्या मांडीवर! कोर्टाच्या पायरीवर दोघी एकाच डब्यातून जेवायला बसल्या.

सरकारी वकील थबकले. "यातली मार खाल्लेली कोणती?"

"मी," कांताबाई घास चावत म्हणाल्या. "ठेचा घेता का?"

*

पुकारा झाला. तडजोडीच्या अर्जावर कांताबाईंचा अंगठा होता. रुजू व्हायची मुदत संपत आलेली, सगळं साहेबांच्या सहीवर अडलेलं.

"तक्रार मिटवायची आहे?"

"हो साहेब."

"कोणी धमकी दिली? दबाव आणला?"

"माह्यावर? कोनाची हिंमत हाये!"

"मग रडता कशाला?"

साहेबांनी पेन खाली ठेवला. वंदना पांढरीफटक!

कांताबाईंनी पदराने नाक पुसलं.

"मिटवा साहेब, पोरीचं चांगलं होऊ द्या. पन हे चालली गडचिरोलीले. हिची माय तं गाय हाये, एका शब्दाले शब्द देत नाई. आता मी भांडू कोनासंग?"