भोंगा नव्हे, सॅक्सोफोन

भोसरीच्या रहिमानला लोकप्रियता कमी नव्हती. पुनावळ्यापासून कुरुळीपर्यंत कुठंही लग्न असो, वाजवायला रहिमानच हवा, असा मुलीकडच्यांचा हट्ट असायचा. दिवसा वर्कशॉपात ग्राइंडिंग, सुट्टीला सॅक्सोफोन. माणसानं खुशीत राहायला एवढं पुरे होतं. पण त्याच्या मनात एक सल होता. त्या वाद्याला त्याच्या खऱ्या नावानं कोणी ओळखतच नसे. सगळे म्हणत, भोंगा.

"रहिमानभाई, भोंगा घेऊन या बरं का!" लग्नपत्रिकेतही छापून यायचं, ‘भोंगावादन : रहिमान आणि मंडळी’. परक्यांचं सोडा, घरात बायको, कनीज तरी वेगळं काय करायची? सकाळ झाली की सुरू, "अहो, तुमचा भोंगा उचला पलंगावरून, चादर झटकायचीय." ज्या वाद्यापायी त्यानं ऐन उमेदीतल्या संध्याकाळी खर्ची घातल्या, त्याची जागा उशीशेजारी आणि किंमत उशीहून कमी!

"अगं, सॅक्सोफोन म्हण," तो विनवायचा.

"जीभ दुखते," ती म्हणायची.

एकदा तरी हिच्या तोंडून ते नाव ऐकावं, एवढीच त्याची मुराद होती.

कुरुळीच्या ज्योतीरामांच्या मुलीचं, निशिगंधाचं लग्न दारातच होतं. मांडवाला लागून एका कंपनीची भिंत, आणि स्पीकर लावले होते नेमके तिच्याकडे तोंड करून. रहिमानची एक खासियत होती. शेवटचं ‘सावधान’ झालं की तो सगळ्यात खालचा सूर धरायचा आणि दम संपेपर्यंत सोडायचा नाही. लोक माना डोलवायचे. त्या दिवशीही त्यानं डोळे मिटून सूर धरला.

दुर्दैवानं कंपनीचा भोंगा म्हातारा झालेला, त्याचाही गळा असाच घोगरा. भिंतीपलीकडच्या कामगारांनी कान टवकारले, "झाली जेवणाची सुट्टी" म्हणत मशिनं बंद केली आणि हात धुऊन बाहेर पडले. कॅन्टीनला कुलूप. शेजारच्या मांडवात मात्र पंगत बसत होती आणि बुंदीचा घमघमाट सुटला होता. ज्योतीरामांना वाटलं, ही मुलाकडची माणसं. मुलाकडच्यांना वाटलं, मुलीकडची. दोन्हीकडून आग्रह सुरू झाला. "बसा राव, लाजताय काय!" म्हणत ज्योतीराम स्वतः वाढायला लागले. युनिफॉर्म बघून कोणाला शंका आली नाही. इकडे लग्नाला माणसं शिफ्टवरूनच तर येतात.

तेवढ्यात सुपरवायझर सोपानराव लालबुंद होऊन मांडवात शिरले. "भोंगा कुणी वाजवला?"

अख्ख्या मांडवानं रहिमानकडे बोट केलं.

रहिमानची घाबरगुंडी उडाली होती. पण तो शब्द कानावर पडला आणि त्याचं डोकंच फिरलं. "साहेब, हा भोंगा नाही. सॅक्सोफोन आहे."

"काय? नीट सांगा, मला वर कळवायचंय."

रहिमाननं अक्षर न् अक्षर सुटं करून सांगितलं, सोपानरावांकडून वदवून घेतलं, वर ‘सॅक’वर जोर द्या म्हणून सुधारलंसुद्धा. इतक्या आनंदानं गुन्हा कबूल करणारा माणूस सोपानरावांनी पाहिला नव्हता. ज्योतीरामांनी मध्ये पडून त्यांच्या हातात ताट दिलं. "सायेब, आलाय तर उपाशी न्हाई जायचं." मग तेही बसले.

चार दिवसांनी ज्योतीरामांचा फोन आला. "रहिमानभाई, कंपनीच्या गेटवर बोर्ड लागलाय, तुमच्यापायी. येऊन बघून जावा."

रहिमानला वाटलं, बंदीच घातली असणार; कुरुळीतलं वाजवणं संपलं. सोबतीला म्हणून त्यानं कनीजला गाडीवर मागं बसवलं. गेटपाशी पोचल्यावर मात्र वाचायची हिंमत होईना. शेवटी कनीजनंच मोठ्यानं वाचलं, "कामगारांना सूचना. सॅक्सोफोन वाजल्यास मशीन सोडू नये. भोंगा वाजल्यासच सोडावे."

रहिमाननं तिला पुन्हा वाचायला लावलं. मग आणखी एकदा. वॉचमन हसायला लागला, पण रहिमानला भरून आलं होतं. परतताना कनीज मागं बसून तोंडातल्या तोंडात काहीतरी पुटपुटत होती. भर रस्त्यात आपल्याला शाळेतल्या पोरीसारखं वाचायला लावलं म्हणून चिडली असेल, असं त्याला वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा ठेवता ठेवता तिनं आतून हाक मारली, "अहो, तुमचा सॅक्सोफोन उचला पलंगावरून, चादर झटकायचीय."