सोजरबाईच्या विटांचे पैसे

१ जानेवारी १९६४ रोजी मुदतीचा कायदा, १९६३ अमलात आला. उधारीवर विकलेल्या मालाच्या किमतीचा दावा साधारणपणे तीन वर्षांच्या आत दाखल करावा लागतो, हे त्यातले एक कलम. कात्रजजवळ वीटभट्टी चालवणाऱ्या सोजरबाईंना ते ठाऊक असण्याचे कारण नव्हते.

नवरा वारल्यावर भट्टी त्यांनीच चालवली. सर्वांत मोठे गिऱ्हाईक त्यांचा चुलतदीर जयसिंग. तो बिबवेवाडीकडे बंगल्यांच्या बांधकामाची कंत्राटे घेई. विटांची शेवटची ट्रॉली त्याच्याकडे उतरली २२ फेब्रुवारी १९७१ रोजी. बाकी राहिली अकरा हजार चारशे. लेखी काहीही नव्हते. पुढे उलटतपासणीत जयसिंगच्या वकिलांनी याचे कारण विचारले, तेव्हा सोजरबाई म्हणाल्या, "दिराकडनं लिहून घ्यायचं? उद्या म्हनाल, जेवाय वाढलं त्याची पावती का न्हाय घ्येतली."

तीन दिवाळ्या वायद्यात गेल्या. ९ जानेवारी १९७४ रोजी सकाळी त्या बांधकामावर जाऊन बसल्या. पुढचे संभाषण संभाजी गवंड्याच्या साक्षीतून घेतले आहे.

"भाऊजी, आज घेतल्याबिगर उठायची न्हाय."

"बस की. सावलीला बस, वयनी. उन्हानं मेलीस तर लाकडंबी माज्याच अंगावर पडायची."

"लाकडाचं पैसं तरी रोख देशील का?"

मजूर हसले. संभाजीच्या मते सगळे त्या हसण्याने बिघडले. जयसिंगने फावड्याचा दांडा उचलून त्यांच्या उजव्या मनगटावर घातला. हाड मोडल्याचा आवाज आपण वर परांचीवर ऐकला, असे संभाजी सांगतो. सोजरबाईंनी डाव्या हाताने वीट उचलून त्याच्या कपाळावर हाणली. तेव्हा त्याने त्यांना केसांना धरून पाण्याच्या हौदापर्यंत फरफटत नेले आणि दोनदा डोके काठावर आपटले. उलटतपासणीत मात्र संभाजीने कबूल केले, की पहिला फटका पडला तेव्हा आपली पाठ तिकडे होती. तरीही ससूनचा दाखला निर्विवाद आहे: मनगटाची दोन्ही हाडे मोडलेली, टाळूला सात टाके. जयसिंगच्या कपाळाला तीन.

मारणाऱ्याने आधी चौकी गाठायची, म्हणजे मार खाणारा आरोपी ठरतो, ही तेव्हाची सर्वमान्य रीत होती. सोजरबाई ससूनमध्ये असतानाच जयसिंगने चौकीत सहीचा अर्ज दिला: "सदर बाई विटांचे राहिलेले अकरा हजार चारशे रुपये मागण्यास आली. मी देणार नाही असे सांगताच तिने मला विटेने मारले." तिसऱ्या दिवशी भट्टीवर वाळत घातलेल्या कच्च्या विटांवरून कोणीतरी ट्रॅक्टर फिरवला. बारा-चौदा हजार विटांचा चिखल झाला.

प्लास्टर निघाल्यावर, जूनमध्ये, त्यांनी दावा लावला. जयसिंगचे म्हणणे एका ओळीचे होते: शेवटच्या ट्रॉलीला तीन वर्षे उलटली, दावा मुदतबाह्य आहे. हिशेब बरोबर होता. सोजरबाईंचे वकील दिगंबरपंत सदाशिव पेठेतले. त्यांनी चौकीतल्या त्या अर्जाची नक्कल मागवली. अर्ज मुदत संपण्याच्या सुमारे सहा आठवडे आधीचा होता. देणेकऱ्याने मुदत संपण्याआधी आपल्या सहीने देणे असल्याचे मान्य केले, तर त्या दिवसापासून मुदत नव्याने मोजतात. मग तो सोबत "देणार नाही" म्हणालेला असो, किंवा त्याने ते तिसऱ्यालाच लिहिलेले असो.

"अहो, आम्ही बाईंना तीन वर्षं सांगतोय, लेखी घ्या," असे ते जयसिंगच्या वकिलांना म्हणाल्याचे त्यांच्या कारकुनाने मला सांगितले. "आपल्या अशिलांनी ते चौकीत आपणहून दिलं. त्यांचे आभार मानायला आपली परवानगी लागेल का?" तीन वर्षांचे मात्र खरे नसावे. वकीलपत्र मे १९७४ चे आहे.

१९७७ मध्ये सोजरबाईंच्या बाजूने हुकूमनामा झाला. तरी पैसे आले नाहीत. ४ एप्रिल १९७८ रोजी कोर्टाचे बेलिफ सोजरबाईंना घेऊन जयसिंगचा काँक्रीट मिक्सर जप्त करायला गेले. त्यांचा अहवाल असा: जयसिंगने पहारीने मिक्सरचे चाक तोडले, "आता न्या" म्हणून तीच पहार बेलिफांच्या खांद्यावर मारली, सोजरबाई मध्ये आल्या, त्यांच्या बरगडीत लाथ बसली. त्या उठल्या आणि मिक्सरच्या दांडीला दोन्ही हातांनी धरून राहिल्या. दोन मजुरांनी बोटे सोडवली. पोलीस येईपर्यंत मिक्सर ट्रॅक्टरला बांधून फरफटत नेला गेला होता.

१९ जून १९७८ ची कोर्टातली नोंद सहा शब्दांची आहे: "अर्जदार गैरहजर. वसुलीचा अर्ज निकाली काढला."

त्या दिवशी सोजरबाई का आल्या नाहीत, हे माहीत नाही. बरगडीच्या जखमेचा दाखला फायलीत नाही. मृत्यूच्या नोंदवहीत मला त्यांचे नाव सापडले नाही. पण ती पाहिली दोनच वर्षांची. जयसिंगचा पुतण्या म्हणतो, भावकीने बसून मिटवले, पैसे दिले. किती, कोणासमोर, हे त्याला सांगता येत नाही. अकरा हजार चारशेपैकी एक रुपया तरी त्यांच्या हातात पडला का, हे अजून अज्ञात आहे.